भाषांचें नातें आणि शेजार

(नभोवाणीवरील भाषण)

संयुक्त राष्ट्रसंघाच्या अधिकृत भाषा सहा आहेत: इंग्रजी, फ्रेंच, स्पॅनिश, रशियन, चिनी आणि अरबी. पहिल्या पांचांना हा मान संघाच्या आरंभापासून आहे. अरबीला तो सर्वसाधारण सभेनें १८ डिसेंबर १९७३ रोजीं दिला. आतां या सहांपैकीं मराठीच्या सर्वांत जवळची भाषा कोणती, असा प्रश्न मीं आपणांस केला, तर आपल्यापैकीं पुष्कळ जण अरबीचें नांव घेतील. त्यांस कारणही आहे. साहेब, वकील, हिशेब, तारीख, मदत, खबर, कायदा, हुकूम, नक्कल हे सगळे शब्द मूळचे अरबी आहेत, आणि ते वगळून एक दिवस घर चालवून दाखवा म्हटलें तर आपणां सर्वांचीच पंचाईत होईल. उलट थेट फ्रेंचांकडून आलेला शब्द आपल्या रोजच्या बोलण्यांत काढूं गेल्यास बराच शोध करावा लागेल.

तरीही वस्तुस्थिति नेमकी उलट आहे. फ्रेंच, स्पॅनिश, इंग्रजी आणि रशियन या चारही भाषा मराठीच्या दूरच्या, पण खऱ्या नातलग आहेत. अरबी ही नातलग नव्हे. ती जुनी शेजारीण आहे. नातें निराळें आणि शेजार निराळा. आजच्या भाषणांत एवढा एकच भेद मला आपणांपुढें स्पष्ट करावयाचा आहे. कारण तो न समजल्यामुळें भाषांविषयीं, आणि त्या भाषा बोलणाऱ्या माणसांविषयीं, आपण किती तरी खोटे ग्रह करून घेतों.

प्रथम नात्याचा विचार करूं. पाँडेचरी येथें राहणारा कर्दू नांवाचा एक फ्रेंच पाद्री होता. संस्कृत, लॅटिन आणि ग्रीक या भाषांत इतकें साम्य कां, असा प्रश्न त्यानें १७६७ सालीं पॅरिसच्या विद्वत्सभेला लिहून कळविला. तो लेख छापला गेला १८०८ सालीं. मध्यंतरीं १७८६ च्या फेब्रुवारींत कलकत्त्याच्या एशियाटिक सोसायटीपुढें सर विल्यम जोन्स यांनीं तोच विचार मांडला होता, आणि शोधाचें श्रेय जगानें त्यांना दिलें. विचार साधा होता. संस्कृतांत सप्त, नव, दश. लॅटिनमध्यें सेप्टेम, नोवेम, डेकेम. फारशींत हफ्त, नुह, दह. मराठींत सात, नऊ, दहा. आणि लॅटिनची लेक जी फ्रेंच, तिच्यांत सेत, नफ, दीस. इतक्या दूरच्या लोकांनीं मोजण्याचे शब्द एकमेकांचे उसने घेतले असतील हें संभवत नाहीं. तेव्हां या सर्वांची मूळ भाषा एकच असली पाहिजे, ती आज नाहींशी झाली असली तरी.

येथें एक गोष्ट ध्यानांत ठेवावयाची. नातें ठरतें तें केवळ तोंडवळ्यावरून नव्हे, तर नियमावरून. संस्कृतांत शब्दाच्या आरंभीं जेथें 'भ' येतो तेथें लॅटिनमध्यें 'फ' येतो. भ्रातृ या शब्दाला लॅटिनमध्यें फ्राटेर म्हणतात. भरामि, म्हणजे मी वाहतों, याला फेरो. फ्राटेरचें फ्रेंचमध्यें फ्रेर झालें आणि भ्रातृचें मराठींत भाऊ झालें. फ्रेर आणि भाऊ हे शब्द शेजारीं ठेवले तर कोणी त्यांस सख्खे म्हणणार नाहीं. परंतु दोघांची वंशावळ मागें नेली कीं दोघेही एकाच घरीं पोंचतात. याच्या उलट अरबींत सहाला सित्ता आणि साताला सबआ म्हणतात. ऐकावयास किती जवळचे! पण पुढें एक, दोन, तीन, चार मोजून पहा: वाहिद, इथनान, थलाथा, अर्बआ. मराठीशीं येथें कांहींच जुळत नाहीं. जुळतें तें हिब्रूशीं: शालोश, अर्बा, हामेश, शेश, शेवा. अरबीचा सलाम आणि हिब्रूचा शालोम हे सख्ख्या घरचे शब्द आहेत. अरब आणि यहुदी यांच्यांत राजकारणानें कितीही वैर माजविलें असलें, तरी दोघांच्या भाषा एकाच कुळांतल्या आहेत.

आतां अरबीची घडण पहा. या भाषेंतील बहुतेक धातु तीन व्यंजनांचे असतात. तीं तीन व्यंजनें खुंट्यांसारखीं पक्कीं रोंवलेलीं असतात, आणि त्यांच्या मधले स्वर बदलून किंवा मागें-पुढें एखादें अक्षर जोडून नवे नवे शब्द तयार होतात. हें समजण्यासाठीं अरबी व्याकरण उघडण्याची गरज नाहीं. मराठी कचेरींत गेलें तरी पुरे. 'न-झ-र' म्हणजे पाहणें. त्यावरून नजर, जो पाहतो, देखरेख करतो तो नाझर, आणि जें पाहून पसंत केलें तें मंजूर. तीनही शब्द आपण रोज ऐकतों, पण त्यांचा धातु एक आहे हें कळल्यावर तीं तीन तोंडें एकदम ओळखीचीं दिसूं लागतात. 'ज-म-अ' म्हणजे एकत्र करणें. त्यावरून जमा, त्यावरून जमात, आणि त्यावरूनच मजमू. या मजमूला फारशीचें 'दार' जोडून जो अधिकारी झाला त्याचें आडनांव मुजुमदार. महाराष्ट्रांतील एखाद्या कुलीन ब्राह्मण घराच्या दारावरील पाटींत अरबी धातु आणि फारशी प्रत्यय असे दोन परदेशी पाहुणे पिढ्यान् पिढ्या नांदत असतात.

या घडणीमुळेंच अरबी लिपि ऱ्हस्व स्वर सहसा लिहीत नाहीं. क, त, ब एवढीं व्यंजनें कागदावर आलीं म्हणजे वाचणारा संदर्भावरून कतब, कुतिब किंवा कुतुब यांपैकीं योग्य तें वाचतो. फक्त दीर्घ स्वरांना अक्षर असतें. फ्रेंचची तऱ्हा अगदीं उलटी. तेथें लिहावयाचें पुष्कळ आणि उच्चारावयाचें थोडें. पाणी या अर्थाचा शब्द तीन स्वर लिहून केवळ 'ओ' असा म्हणावयाचा. शब्दाच्या अखेरचें व्यंजन बहुधा मुकें असतें, पण पुढला शब्द स्वरानें सुरू झाला कीं पुष्कळदां तें जागें होऊन त्याला चिकटतें. ज्यानें संस्कृतचे संधि घोकले आहेत त्याला यांत नवल वाटण्याचें कारण नाहीं.

चिनी भाषेंत याहून निराळा प्रकार. तेथें शब्दाला विभक्ति नाहीं, लिंग नाहीं, काळाप्रमाणें क्रियापदाचें रूपही बदलत नाहीं; सर्व भार शब्दांच्या क्रमावर आणि सुरावर. 'मा' हेंच अक्षर चार सुरांत म्हटलें असतां आई, ताग, घोडा आणि शिव्या देणें असे चार अर्थ होतात. तुर्की भाषा तर मणी ओंवावे तसे प्रत्यय ओंवते: एव म्हणजे घर, एवलेर म्हणजे घरें, एवलेरिम माझीं घरें, एवलेरिमदे माझ्या घरांमध्यें. आपल्या 'घरांतल्यांना' या एका शब्दांत किती मणी आहेत तें मोजून पहा, म्हणजे तुर्की फार परकी वाटणार नाहीं.

येथें दुसरा मुद्दा येतो. नातें असलें म्हणजे वागणूक सारखी असेलच असें नाहीं, आणि नातें नसलें म्हणून साम्य नसतेंच असेंही नाहीं. फ्रेंच माणूस मुलाला किंवा मुलीला 'तूं जा...' असें कांहीं म्हणूं लागला तर क्रियापद दोघांना एकच. मराठींत मात्र मुलाला 'जातोस' आणि मुलीला 'जातेस'. अरबींतही मुलाला 'तूं लिहिलेंस' म्हणतांना कतब्त, आणि मुलीला कतब्ति. समोरचें माणूस पुरुष कीं स्त्री, याची दखल घेण्याच्या बाबतींत आपली रीत नातलग फ्रेंचशीं जुळत नाहीं, शेजारीण अरबीशीं जुळते. द्विवचन संस्कृतांत होतें, तें मराठीनें टाकलें, फ्रेंचनेंही टाकलें. ग्रांथिक अरबीनें तें आजही जपून ठेविलें आहे.

मोजण्याचेंही तसेंच. आपण एकवीस म्हणतों, म्हणजे एक आधीं आणि वीस मागून. अरबही वाहिद व इश्रून म्हणतो, एक आणि वीस. जर्मनाचा क्रमही तोच. फ्रेंच माणूस वीस आणि एक म्हणतो. पण ऐंशींपाशीं आला कीं तो चार विसा म्हणूं लागतो, आणि नव्व्याण्णवाला तर चार विसा एकोणीस! आपल्याकडच्या जुन्या बायका विसांनीं मोजीत, त्यांना हा हिशेब मुळींच अवघड गेला नसता. आपल्या पाठ्यपुस्तक मंडळानें २०१९ सालीं दुसरीच्या गणितांत एकवीसच्या जोडीला 'वीस एक' ही रीत सुचविली तेव्हां महाराष्ट्रांत केवढा गदारोळ उठला! मुलांना कोणती रीत सोपी जाईल हा वाद शिक्षकांनीं अवश्य करावा. परंतु एक रीत बुद्धीची आणि दुसरी अडाणीपणाची असें म्हणण्याआधीं जगांतील मोठमोठे हिशेबी लोक कसे मोजतात हें पाहिलेलें बरें.

आतां शेजाराकडे वळूं. शब्द प्रवास करतात, आणि जेथें उतरतात तेथील कपडे घालतात. अरबी किताब घ्या. अरबींत तिचें अनेकवचन कुतुब. फारशींत तीच गेली तर तिला फारशीचा 'हा' लागून किताबहा झालें, तुर्कींत किताप्लार, हिंदींत किताबें. सर्वांत मौज आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यावर झाली. तेथील स्वाहिली भाषेंत वस्तूला कितु म्हणतात आणि अनेक वस्तूंना वितु. खुर्ची ती किति आणि खुर्च्या त्या विति. तेव्हां अरब व्यापाऱ्यांबरोबर किताब आली, ती किताबु झाली, आणि स्वाहिली माणसानें तिच्या 'कि'ला आपलाच प्रत्यय समजून अनेक पुस्तकांना विताबु म्हणावयास आरंभ केला. शब्द अरबांचा, पण व्याकरण आफ्रिकेचें! भाषेचें कूळ शब्दांवर ठरत नाहीं, व्याकरणावर ठरतें, याचा याहून चांगला पुरावा मला ठाऊक नाहीं.

आपलेही शब्द असेच बाहेर गेले. आपली शर्करा पश्चिमेकडे निघाली ती फारशींत शकर, अरबींत सुक्कर, स्पेनमध्यें असूकार, फ्रान्समध्यें स्यूक्र झाली. आणि ग्रीकांच्या वाटेनें रशियांत पोंचली ती तर जवळजवळ 'साखर' होऊनच. आपलें शून्य अरबांनीं सिफ्र या आपल्या शब्दानें भाषांतरिलें. १२०२ सालीं पिसा येथील लिओनार्डो यानें आपल्या गणिताच्या ग्रंथांत त्याला लॅटिन रूप दिलें, आणि सिफ्रपासूनच पुढें फ्रेंच झेरो आणि आंकडा या अर्थाचा शिफ्र असे दोन शब्द निघाले. फ्रेंच लोक आंकड्यांना अरबी आंकडे म्हणतात, आणि अरब लोक आपल्या आंकड्यांना हिंदी आंकडे म्हणतात. ऋण मान्य करण्याची ही सभ्य रीत सर्वांनींच उचलण्यासारखी आहे.

लिपि ही तर अंगावरच्या वस्त्रासारखी. फारशी अरबी लिपींत लिहितात म्हणून ती अरबीची बहीण होत नाहीं; ती आपली चुलत बहीण आहे. तिचा हफ्त म्हणजे आपला सात, आणि त्यावरून आलेला हप्ता हा शब्द आपण सावकाराच्या आणि बँकेच्या भीतीनें रोज उच्चारतों. तिचा हजार म्हणजे आपला सहस्र. तुर्कांनीं १९२८ सालीं अरबी लिपि टाकून रोमन घेतली, पण त्यांची भाषा होती तीच राहिली. माल्टा बेटावरची भाषा अरबींतून निघाली. ती रोमन अक्षरांत लिहितात, तिच्यांत इटालियन शब्दांची रेलचेल आहे, आणि २००४ पासून ती युरोपीय संघाची अधिकृत भाषा आहे. तरी तिचें हाड अरबीच.

श्रोतेहो, आतां मी अशा प्रश्नाकडे येतों कीं ज्यांत केवळ कुतूहल नाहीं. लॅटिन आणि अरबी या दोन्ही साम्राज्यांच्या भाषा होत्या. दोघींच्या बोली देशोदेशीं पसरून निराळ्या झाल्या. ८१३ सालीं तूर येथील धर्मसभेनें ठराव केला कीं, लोकांना लॅटिन समजत नाहीं, तेव्हां प्रवचनें त्यांच्या गांवढळ बोलींत करावीं. ८४२ सालीं त्या बोलींत राजांच्या शपथा लिहिल्या गेल्या, आणि फ्रेंच भाषेचा सर्वांत जुना लेख तोच. आपल्याकडे १२९० सालीं ज्ञानेश्वरांनीं गीतेचा अर्थ मराठींत सांगितला, ती याच जातीची गोष्ट. अरबांनीं मात्र हें केलें नाहीं. कुराणाची भाषा ही ग्रंथाची, शाळेची आणि वर्तमानपत्राची भाषा राहिली. घरची बोली घरींच राहिली. नजीब महफूझ यांना १९८८ सालीं नोबेल पारितोषिक मिळालें. त्यांनीं कैरोच्या गल्लीबोळांतील माणसांची संभाषणेंसुद्धां ग्रांथिक अरबींतच लिहिलीं. या निवडीचा लाभ असा कीं मोरोक्कोचा आणि इराकचा सुशिक्षित मनुष्य एकच ग्रंथ वाचतो, आणि हजार वर्षांपूर्वींचा कवि आजच्या विद्यार्थ्यास वाचतां येतो. हानि अशी कीं, मूल आईपाशीं जी भाषा शिकतें ती शाळेंत उपयोगी पडत नाहीं, तेथें त्याला दुसरी शिकावी लागते.

पण फ्रेंचांचा मार्ग निर्दोष होता असेंही नव्हे. १५३९ मध्यें राजानें न्यायालयांत लॅटिनच्या जागीं फ्रेंच आणली, १६३५ मध्यें अकादमी स्थापन झाली, आणि १७९४ सालीं ग्रेग्वार नांवाच्या धर्मगुरूनें राष्ट्रसभेला जो अहवाल दिला त्यांत म्हटलें होतें कीं, देशांतील निदान साठ लाख लोकांना फ्रेंच मुळींच येत नाहीं आणि ती शुद्ध बोलणारे तीस लाखांहून अधिक नाहींत. यावर उपाय म्हणून बाकीच्या बोली नष्ट करण्याचें धोरण आलें. ब्रिटनी प्रांतांत शाळेच्या आवारांत ब्रेटन भाषेंत बोललेल्या मुलाच्या गळ्यांत खूण म्हणून एखादी वस्तू अडकवीत, आणि दुसरा कोणी तसाच सांपडेपर्यंत ती त्याच्या गळ्यांत राही. मुलांनींच एकमेकांवर पहारा करावा अशी ही योजना! सारा जन्म मास्तरकी केलेल्या माणसास हें वाचून संताप येतो. विसाव्या शतकाच्या आरंभीं दहा लाखांहून अधिक लोक ब्रेटन बोलत. २०१८ च्या पाहणींत सुमारें दोन लाख उरले होते, आणि त्यांतले बहुतेक साठीच्या पुढचे. ब्रेटन भाषेंत फ्रेंच शब्द शिरले म्हणून ती क्षीण झाली नाहीं. आयांना आपल्या भाषेची लाज वाटूं लागली आणि त्यांनीं मुलांशीं ती बोलणें सोडलें, म्हणून ती क्षीण झाली.

फ्रेंच आणि अरबी या दोहोंचा पेंच एकाच माणसाच्या आयुष्यांत पहावयाचा असेल तर अल्जीरियाचा लेखक कातिब यासीन याचें चरित्र पहा. कातिब म्हणजे लेखक. मघाशीं सांगितलेल्या 'क-त-ब' धातूचाच शब्द. त्यानें १९५६ सालीं आपली गाजलेली कादंबरी फ्रेंचमध्यें लिहिली, कारण फ्रेंच अमलाखालच्या शाळेनें त्याच्या हातीं तीच भाषा दिली होती. अल्जीरिया १९६२ सालीं स्वतंत्र झाला. त्यानंतर १९७० च्या सुमारास या प्रसिद्ध लेखकानें फ्रेंचमधील कीर्ति बाजूस ठेवून बाजारांतल्या साध्या अरबी बोलींत नाटकें रचण्यास आरंभ केला, कां तर तीं त्याच्या देशांतील मजुरांना समजावीत. फ्रेंचचा त्यानें द्वेष केला नाहीं. ती युद्धांत मिळालेली लूट आहे असें तो म्हणे. पण जवळच्या माणसांशीं बोलावयाचें तेव्हां त्यानें घरचा दरवाजा उघडला.

आणखी एक सावधगिरी सांगितली पाहिजे. भाषेचें नातें म्हणजे रक्ताचें नातें नव्हे. एकोणिसाव्या शतकांत पुष्कळ विद्वानांनीं भाषांच्या कुळांवरून माणसांचे वंश ठरविले, आणि त्यांत उच्चनीचता घुसडली. मॅक्स म्युलर यांनीं १८८८ सालींच स्पष्ट बजावलें होतें कीं, आर्य हा शब्द भाषेला लागू आहे, रक्ताला किंवा कवटीला नाहीं. पुढें विसाव्या शतकांत युरोपमध्यें त्याच शब्दाच्या नांवानें लाखो यहुद्यांची कत्तल झाली. व्याकरणांतील एक गैरसमज किती महाग पडूं शकतो, याचें हें उदाहरण कोणत्याही शिक्षकानें विसरूं नये.

तर मग आपण आपल्या घरीं काय करावें? शिवाजीमहाराजांनीं राज्यव्यवहारकोश करवून घेतला, तेव्हांपासून परकी शब्दांविषयींचा वाद मराठींत चालू आहे. कवि माधव जूलियन यांनीं १९२५ सालीं फारसी-मराठी कोश रचला, आणि पुढें तेच भाषाशुद्धीचे पुरस्कर्ते झाले. हा वाद चालू राहील, आणि राहावा. माझें मत एवढेंच कीं, मंजूर आणि मुजुमदार यांनीं मराठीचें कांहीं बिघडविलें नाहीं, कारण त्यांना विभक्ति आपलीच लावावी लागली. चिंता करावयाची ती दुसरीच गोष्ट आहे. मराठी बोलल्याबद्दल मुलांना दंड करणाऱ्या शाळा मीं आपल्या महाराष्ट्रांत पाहिल्या आहेत, आणि तो दंड हंसत भरणारे आईबापही पाहिले आहेत. ब्रिटनींतील आयांनाही त्या वेळीं आपण मुलाचें कल्याणच करीत आहोंत असें वाटत होतें.

मुलांना इंग्रजी शिकवा. जमल्यास फ्रेंच शिकवा, अरबीही शिकवा. फ्रेंच शिकतांना भाऊ आणि फ्रेर यांचें नातें त्यांना सांगा, आणि अरबी शिकतांना नजर, नाझर, मंजूर यांचा धातु त्यांच्याकडूनच शोधवून घ्या. ज्याला मराठीचें क्रियापद चांगलें ठाऊक आहे त्याला दुसऱ्या भाषेचें लवकर कळतें, हा माझा वर्गांतील अनुभव आहे. मात्र रात्रीं जेवतांना पानावरचें बोलणें मराठींत होऊं द्या. त्याला शाळेची परवानगी लागत नाहीं.